साठ दिवसांची मुदत, बावीस महिन्यांचा ताबा: कोल्हापुरातल्या एका बँकवसुलीचं प्रकरण

या प्रकरणातली बँक, कर्जदार, तालुका, पोलीस ठाणं आणि संबंधित कार्यालयं यांची नावं गाळली आहेत. ओळख पटू नये म्हणून काही तपशील आणि आकडेही थोडे बदलले आहेत. जिल्ह्यातल्या सहकारी बँकांच्या वसुली विभागांसोबत माझं रोजचं काम असतं. बँक, ठेवीदार आणि खुद्द कर्जदार अशा तिघांनाही विलंब कसा महागात पडतो, हे या एका फाइलमध्ये इतकं स्पष्ट दिसतं की ते सविस्तर लिहिणं मला गरजेचं वाटतं.

पार्श्वभूमी

कोल्हापूर शहराला लागून असलेल्या औद्योगिक पट्ट्यातली ही एक छोटी फौंड्री, म्हणजे ओतकामाचा कारखाना. वडिलांनी उद्यमनगरात लेथवर सुरुवात केली, मुलाने शेड बांधून भट्टी बसवली. पंपाची आणि ट्रॅक्टरच्या सुट्या भागांची कास्टिंग तिथे निघायची. २०१७ मध्ये जिल्ह्यातल्या एका नागरी सहकारी बँकेने या व्यवसायाला ८५ लाखांचं मुदत कर्ज आणि ६० लाखांचं कॅश क्रेडिट (खेळत्या भांडवलासाठीची उचल) दिलं. बिनशेती जमीन आणि त्यावरचं शेड गहाण होतं, यंत्रं नजरगहाण (ताबा कर्जदाराकडे, तारण बँकेचं) होती.

पहिली दोन वर्षं हप्ते वेळेवर आले. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात शेडमध्ये पाणी शिरलं आणि इंडक्शन फर्नेसचं पॅनल गेलं. विम्याचे पैसे आले ते अर्धेमुर्धे. पुढच्या वर्षी टाळेबंदी, जुलै २०२१ मध्ये पुन्हा पूर. त्यातून उभं राहताना एका मोठ्या गिऱ्हाइकाने ऑर्डर दुसरीकडे वळवल्या. ३१ मार्च २०२३ ला खातं एनपीए, म्हणजे थकीत, झालं. हा कर्जदार पैसे बुडवायच्या इराद्याने बसलेला माणूस नव्हता. पुढचं सगळं वाचताना हे ध्यानात असावं.

जून २०२३ मध्ये बँकेने सरफेसी कायद्याच्या (थकीत कर्जाचं तारण ताब्यात घेऊन विकायचा अधिकार बँकांना देणारा कायदा) कलम १३(२) खाली नोटीस दिली. मागणी १ कोटी १८ लाखांची, व्याजदर साडेबारा टक्के. सहकारी बँकांना हा कायदा वापरता येतो की नाही यावर पूर्वी बरीच वर्षं वाद होता. तो ५ मे २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने मिटवला, आणि तोही आपल्याच जिल्ह्यातल्या मुरगूडच्या सहकारी बँकेच्या प्रकरणात. त्यामुळे तो मुद्दा इथे कोणी काढला नाही.

नोटिशीला कर्जदाराने उत्तर दिलं, सहा महिने मागितले. बँकेने पंधरा दिवसांच्या आत कारणं देऊन नकार कळवला. साठ दिवस उलटल्यावर सप्टेंबरमध्ये कलम १३(४) खाली कागदोपत्री ताबा घेतला, शेडच्या दारावर नोटीस चिकटवली आणि दोन वर्तमानपत्रांत ती छापून आणली. कर्जदाराने ४५ दिवसांच्या मुदतीत पुण्याच्या कर्ज वसुली न्यायाधिकरणात कलम १७ चा, म्हणजे बँकेच्या कारवाईला आव्हान देणारा, अर्ज केला. स्थगिती मिळाली नाही, अर्ज मात्र प्रलंबित राहिला.

इथवर सगळं नियमात आणि वेळेत चाललं होतं.

घोडं कुठे अडलं

कागदोपत्री ताब्यावर मालमत्ता विकायला गेलं की गिऱ्हाईक फिरकत नाही. आत बसलेल्या माणसाला काढायची जोखीम विकत कोण घेणार? म्हणून बँकेने १५ जानेवारी २०२४ रोजी कलम १४ खाली महसूल खात्यातल्या दंडाधिकाऱ्यांकडे प्रत्यक्ष ताब्यासाठी अर्ज केला.

कलम १४ नुसार दंडाधिकाऱ्यांनी बँकेच्या प्रतिज्ञापत्रातले नऊ मुद्दे तपासायचे, समाधान झालं की आदेश द्यायचा. कर्जाचा वाद तिथे ऐकायचा नसतो. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये एकाहून अधिक निकालांत सांगितलं की हे काम प्रशासकीय मदतीच्या स्वरूपाचं आहे, निवाड्याचं नाही. २०१६ च्या दुरुस्तीने मुदतही घातली: आदेश ३० दिवसांत, आणि अधिकाऱ्याच्या हाताबाहेरच्या कारणाने ते जमलं नाही तर कारणं लेखी नोंदवून एकूण ६० दिवसांत. या हिशेबाने आपल्या अर्जाची शेवटची तारीख मार्च २०२४ च्या मध्याला येत होती.

मार्च गेला. लोकसभेचं मतदान ७ मे ला होतं, सगळी महसूल यंत्रणा निवडणुकीत. जुलैच्या अखेरीस पंचगंगेने धोक्याची पातळी ओलांडली आणि कर्मचारी पुराच्या पंचनाम्यांना लागले. ही कारणं खोटी नाहीत. पुरात घरं पडलेल्या माणसाचा पंचनामा बँकेच्या अर्जाआधी व्हावा, असं मलाही वाटतं. पण कायद्याने मागितलेली लेखी कारणं नस्तीत (कार्यालयाच्या फाइलमध्ये) एकदाही नोंदवलेली नव्हती, आणि पुढे सगळं प्रकरण याच गोष्टीवर फिरलं.

ऑगस्टमध्ये बँकेला पहिलं पत्र आलं, ते त्रुटीचं. गहाणखतात जमीन २० आर, म्हणजे २,००० चौरस मीटर. बिनशेती आदेशात आणि नव्या सातबाऱ्यावर १,९८० चौरस मीटर. वीस चौरस मीटर रस्त्यात गेले होते. बँकेच्या वसुली अधिकाऱ्याने आठवड्याच्या आत मोजणी नकाशा आणि खुलासा दिला. त्यानंतर विधानसभेचं मतदान, २० नोव्हेंबर. आदेश हातात पडला ९ डिसेंबर २०२४ रोजी, म्हणजे साठ दिवसांच्या कामाला जवळजवळ अकरा महिने लागले.

संचालक मंडळाला वाटलं, आता सुटलो. खरी रखडपट्टी इथून पुढे होती.

आदेशाने तालुक्याच्या अधिकाऱ्याला पोलीस बंदोबस्तात ताबा घेऊन बँकेच्या हवाली करायला सांगितलं होतं. वसुली अधिकाऱ्याने आदेशाची प्रत स्वतः नेऊन बारनिशीत (कार्यालयाच्या टपाल कक्षात) आवक क्रमांक टाकून घेतला. फेब्रुवारी २०२५ ची तारीख लागली. बंदोबस्ताचं शुल्क भरलं, मजूर सांगितले, नवी कुलपं आणली. आदल्या संध्याकाळी पोलीस ठाण्यातून निरोप आला: मनुष्यबळ नाही.

दुसरी तारीख एप्रिलची. या वेळी पथक शेडपर्यंत पोहोचलं. दारात कर्जदाराचा चुलतभाऊ उभा होता, हातात अकरा महिन्यांचा भाडेकरार. शंभराच्या स्टॅम्पवर केलेला, नोंदणी नसलेला, आणि तारीख कलम १३(२) च्या नोटिशीनंतरची. नोटीस मिळाल्यावर बँकेच्या लेखी संमतीशिवाय मालमत्ता भाड्याने देता येत नाही, असं कलम १३(१३) स्पष्ट सांगतं. भाडेकरूला खरोखर हक्क असलाच, तर त्याची चौकशी न्यायाधिकरणात होते, शेडच्या दारात नव्हे. तरीही पंचनाम्यावर शेरा पडला, ‘भाडेकरू हजर, कारवाई तहकूब’. प्रकरण वरिष्ठांकडे ‘मार्गदर्शनार्थ’ गेलं आणि ऑगस्टपर्यंत मार्गदर्शन आलं नाही.

त्या दिवशी कर्जदार वसुली अधिकाऱ्याला बाजूला घेऊन म्हणाला होता, “साहेब, दिवाळीपर्यंत थांबा की. गावाकडचं रान विकायला काढलंय, एकरकमी देतो.” अधिकारी म्हणाला, “दादा, गेल्या दिवाळीलाबी हेच बोलला होता. व्याज थांबत नाही हो तुमचं.” दोघंही खरं बोलत होते.

आकडा समोर ठेवतो. १ कोटी १८ लाखांवर साडेबारा टक्के सरळ व्याज धरलं तरी दिवसाला चार हजार रुपये होतात, महिन्याला सव्वा लाखाच्या आसपास. शेड बंद, भट्टी थंड, उत्पन्न शून्य आणि मीटर चालू. थकबाकीपोटी बँकेला तरतूद करावी लागते, म्हणजे रक्कम बाजूला ठेवावी लागते. ती नफ्यातून जाते, आणि तो नफा सभासदांचा असतो. गडहिंग्लज किंवा आजऱ्याकडच्या पेन्शनरांनी याच बँकेत ठेवी ठेवलेल्या असतात. ‘बँकेचं काय, ती थांबेल’ असं म्हणताना ही माणसं कोणाच्या नजरेसमोर नसतात.

समोर असलेले पर्याय

ऑगस्ट २०२५ मध्ये संचालक मंडळाची बैठक झाली. पाच वाटा चर्चेला आल्या.

थांबून तडजोड करणं ही पहिली. एकरकमी परतफेडीच्या योजनेत कर्जदार बसत होता, पण त्याने दिलेल्या दोन्ही तारखांना पैसे आलेले नव्हते. दोन संचालकांचा तरीही हाच आग्रह होता. माणूस ओळखीचा, वडिलांपासूनचा सभासद. ही भावना मी हलक्यात घेत नाही, सहकारी बँक याच ओळखीवर उभी असते. मात्र तारीख आणि रक्कम नसलेली तडजोड आकड्यांत बघितली तर कर्जदाराच्याच अंगावर महिन्याला सव्वा लाख चढवत होती.

दुसरी वाट महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम १०१ चा वसुली दाखला. कितीतरी सहकारी बँका तीच धरतात, आणि लहान कर्जांना ती योग्यही आहे. इथे मात्र तिचा अर्थ पहिल्या पायरीपासून नवी सुरुवात, वर फेरतपासणी अर्जाची आणखी एक शक्यता, आणि शेवटी ताब्यासाठी पुन्हा महसूल आणि पोलीस यांच्याच दारात.

तिसरी, स्मरणपत्रं. ती चालूच होती, फाइल त्यांनीच जाड झाली होती.

चौथ्या वाटेवर मला अधिक बोलायचं आहे, कारण तिच्यावर जितका विचार व्हायला हवा होता तितका झाला नाही. ताबा घ्यायला महसूल अधिकारीच पाहिजे असं कायदा म्हणत नाही. फेब्रुवारी २०२२ मध्ये एका सहकारी बँकेच्याच प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की दंडाधिकारी कलम १४(१अ) खाली वकिलाला आयुक्त म्हणून नेमू शकतात. आधीच्याच आदेशात दुरुस्ती मागून वकील-आयुक्त नेमून घेता आला असता. बँकेच्या वकिलांचा आक्षेप व्यावहारिक होता: ज्या टेबलावर पहिल्या अर्जाला अकरा महिने लागले, त्याच टेबलावर दुसरा अर्ज ठेवायचा. आक्षेपात तथ्य होतं. पण मूळ अर्जातच ही मागणी पर्याय म्हणून घातली असती, तर फेब्रुवारी आणि एप्रिलच्या दोन्ही तारखांना निदान माणसाची अडचण आली नसती. बंदोबस्त तरीही लागलाच असता, हे मान्य.

पाचवी वाट उच्च न्यायालयाची. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका, मागणी एवढीच की दिलेल्या आदेशाची अंमलबजावणी ठरावीक तारखेपर्यंत करावी.

निर्णय

रिटला बिचकण्याचं कारण बँकवाल्यांना ठाऊक असतं. २०१० मध्ये सत्यवती टंडन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बजावलं की सरफेसीच्या वादांत उच्च न्यायालयांनी सहजी हात घालू नये, कारण न्यायाधिकरणाचा मार्ग उपलब्ध आहे. हा निकाल आपल्यावरच उलटेल अशी भीती मंडळाला होती. इथे फरक करायला हवा. तो अडसर कारवाईला आव्हान देणाऱ्या कर्जदारासाठी आहे, कारण त्याला कलम १७ आहे. आदेश हातात असून अधिकारी तो अंमलात आणत नाही, अशा वेळी बँकेला दाद मागायला या कायद्यात दुसरी जागाच नाही.

मुदतीच्या बाबतीतही एक पेच होता. ३० आणि ६० दिवसांची मुदत बंधनकारक की मार्गदर्शक, या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२० मध्ये सी. ब्राइट प्रकरणात उत्तर दिलं: मार्गदर्शक. मुदत उलटली म्हणून दंडाधिकाऱ्याचा अधिकार संपत नाही. बँकेच्या दृष्टीने हे सोयीचंच, नाहीतर अधिकाऱ्याच्या ढिलाईची शिक्षा बँकेला झाली असती. पण याचा दुसरा अर्थ असा की मुदत मोडल्याचा परिणाम कायद्यात कुठेच लिहिलेला नाही. मुदतीला धार येते ती कोणीतरी उच्च न्यायालयापुढे तारखा मांडल्यावर.

आणि मग एक गोष्ट घडली जिने मंडळाचा कल बदलला. १७ ऑगस्ट २०२५ ला मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचचं उद्घाटन झालं आणि दुसऱ्या दिवशी काम सुरू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग असे सहा जिल्हे. त्याआधी रिट म्हटलं की महालक्ष्मी एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास, मुंबईचे वकील, प्रकरण बोर्डावर न आल्यास परत. सव्वा कोटीच्या खात्यासाठी लहान बँका हा खर्च टाळायच्या आणि स्मरणपत्रं लिहीत बसायच्या. आता न्यायालय सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत आलं होतं. बेंचसाठी चार दशकांहून अधिक काळ झालेल्या आंदोलनात फौजदारी आणि जमिनीच्या पक्षकारांची गैरसोय पुढे असायची. बँकांच्या रखडलेल्या आदेशांनाही तीच गैरसोय होत होती, याचा विचार फारसा झाला नव्हता.

मंडळाने रिटचा ठराव केला. तडजोडीचा आग्रह धरणाऱ्या दोघांनी एक अट घातली: कर्जदाराला शेवटची संधी न्यायालयासमोरच द्यावी, लेखी आणि तारखेसह. ही अट पुढे फार उपयोगी ठरली.

केलेली कारवाई

याचिका लिहिण्याआधी वकिलांनी सगळ्या नस्तीची नक्कल काढायचा हट्ट धरला. त्यात तीन आठवडे गेले आणि वसुली विभाग कुरकुरला. माझ्या मते या प्रकरणातला हाच सर्वांत चांगला निर्णय. रोजनामा, टिपण्या, आवक-जावक नोंदी, तहकुबीचा पंचनामा हातात आला तेव्हा कळलं की जानेवारी ते ऑगस्ट २०२४ या काळात अर्जावर एकही टिपणी नाही. मुदतवाढीचं कारण नाही. ‘मार्गदर्शनार्थ’ पाठवलेलं पत्र जावक नोंदवहीत होतं, पण वरच्या कार्यालयाच्या आवकेत त्याची नोंदच सापडत नव्हती. म्हणजे चार महिने सगळे ज्या उत्तराची वाट बघत होते, त्याचा प्रश्नच वर पोहोचलेला नव्हता. कोणाचा दुष्ट हेतू नव्हता, टपालाचा एक लिफाफा गहाळ झाला होता आणि विचारायला कोणी गेलं नव्हतं.

याचिका सप्टेंबरमध्ये दाखल झाली. मजकूर आटोपशीर ठेवला. कोणा अधिकाऱ्यावर आरोप नाही, नुकसानभरपाई नाही, कर्जाच्या गुणदोषांबद्दल चकार शब्द नाही. एका पानावर तारखांचा तक्ता आणि खाली तीन मागण्या: ताब्याची तारीख ठरवावी, बंदोबस्त द्यावा, पूर्ततेचा अहवाल न्यायालयात यावा. कर्जदाराला आणि त्या चुलतभावाला प्रतिवादी केलं. त्यांना न ऐकता मिळालेला आदेश टिकला नसता, आणि टिकायलाही नको.

दिवाळीच्या सुट्टीआधीच्या आठवड्यात सुनावणी झाली. सरकारी वकिलांनी मनुष्यबळाची अडचण आणि तोंडावर आलेल्या नगरपालिका निवडणुका सांगितल्या. कर्जदाराच्या वकिलांनी न्यायाधिकरणातला अर्ज दोन वर्षं पडून असल्याचं सांगितलं, आणि हा मुद्दा रास्त होता. कलम १७(५) प्रमाणे असा अर्ज साठ दिवसांत, फार तर चार महिन्यांत निकाली निघायला हवा. बँकेचा आदेश रखडला तशी कर्जदाराची दादही रखडली होती.

आदेशात दोन्हीची दखल घेतली गेली. तालुक्याच्या अधिकाऱ्याने १५ नोव्हेंबरपर्यंत ताबा घ्यावा, जिल्हा पोलीस प्रमुखांनी बंदोबस्त द्यावा, त्यानंतर अहवाल सादर व्हावा. न्यायाधिकरणाने कर्जदाराचा अर्ज आठ आठवड्यांत निकाली काढावा. न्यायाधिकरणांवर उच्च न्यायालयाची देखरेख असते, हे १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून पक्कं आहे. बँकेच्या बाजूने आम्ही असलो तरी आदेशाचा हा भाग मला समाधान देणारा वाटला. एकाच्या विलंबावर बोट ठेवून दुसऱ्याच्या विलंबाकडे काणाडोळा झाला नाही.

बँकेचं निवेदनही नोंदवलं गेलं: ३१ ऑक्टोबरपर्यंत २५ लाख भरले तर ताबा थांबवून तडजोडीला बसू. कर्जदाराने सहा लाख आणले. बँकेने ते खात्यात जमा करून घेतले आणि ताबा ठरल्या तारखेलाच होईल असं त्याच दिवशी लेखी कळवलं. तडजोड झाल्याचा समज त्याच्या मनात राहू नये म्हणून हे पत्र गरजेचं होतं.

नोव्हेंबरच्या सुरुवातीला आचारसंहिता लागल्यावर तालुका कार्यालयातून पुन्हा तारीख पुढे ढकलण्याचा सूर निघाला. या वेळी वसुली अधिकाऱ्याने स्मरणपत्र लिहिलं नाही. आदेशाची प्रमाणित प्रत टेबलावर ठेवली आणि १५ तारखेच्या ओळीवर बोट ठेवलं. १३ नोव्हेंबर २०२५ ला सकाळी दहा वाजता पथक शेडवर होतं. तीन तासांत पंचनामा संपला. चुलतभाऊ आलाच नाही.

आत गेल्यावर मात्र सगळ्यांचे चेहरे उतरले. फर्नेसपासून मीटर खोलीपर्यंतची तांब्याची केबल कोणीतरी ओढून नेली होती. मागच्या बाजूचे पत्रे गायब. पॅटर्नच्या (साचे करायच्या नमुन्यांच्या) लाकडी मांडणीला वाळवी लागलेली. कर्जदार तिथेच उभा होता. वडिलांच्या काळातला एक हाताने केलेला पॅटर्न त्याने मागितला. पंचनाम्यात त्याची किंमत शून्य होती. वसुली अधिकाऱ्याने तशी नोंद करून, सही घेऊन, तो देऊन टाकला.

निष्पत्ती

तीस दिवसांची विक्री नोटीस, जानेवारी २०२६ मध्ये पहिला ई-लिलाव. बोली आली नाही. पंधरा दिवसांच्या नोटिशीने दुसरा लिलाव फेब्रुवारीत झाला आणि शेजारच्या मशीन शॉपवाल्याने शेड १ कोटी ४६ लाखांना घेतलं. पंचवीस टक्के लगेच, बाकी पंधरा दिवसांत. दरम्यान न्यायाधिकरणाने कर्जदाराचा अर्ज फेटाळला, पण दंडव्याजाची फेरआकारणी करायला बँकेला सांगितलं. बँकेने दंडव्याज सोडून दिलं.

आता हिशेब. दंडव्याज वगळून, कर्जदाराने आणलेले सहा लाख वजा करून, फेब्रुवारी २०२६ ला येणं साधारण १ कोटी ५१ लाख होतं. म्हणजे विक्रीनंतरही पाच लाख आणि वर खर्च शिल्लक.

हीच मालमत्ता जुलै २०२४ मध्ये विकली असती तर? तेव्हाच्या मूल्यांकनात सहज मिळेल अशी किंमत १ कोटी ५५ लाख धरली होती. केबल जागेवर होती, पत्रे होते. येणं तेव्हा १ कोटी ३४ लाखांच्या घरात असतं. कर्ज फिटून वीसेक लाख उरले असते, आणि कलम १३(७) प्रमाणे ते कर्जदाराला मिळाले असते. ज्या दिवाळ्या त्याला दिलासा वाटत होत्या, त्यांत त्याचेच वीस लाख विरघळले आणि वर पाच लाखांचं देणं उरलं. त्याला हे आकडे समजावून सांगितले तेव्हा तो बराच वेळ कागदाकडे बघत राहिला आणि म्हणाला, “हे आधी कोणी असं मांडून दाखवलंच नाही.”

वेगळं काय करता आलं असतं

त्याचं ते वाक्य बँकेने गांभीर्याने घेतलं पाहिजे. कलम १३(२) च्या नोटिशीसोबत, कायद्याने मागितलेलं नसलं तरी, एक साधा मराठी तक्ता देता येतो: आज विकलं तर हातात किती, सहा महिन्यांनी किती, वर्षाने किती. लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होईपर्यंत येणं भरून तारण सोडवायचा हक्क कलम १३(८) कर्जदाराला देतं. तोवर बँकेच्या संमतीने स्वतः गिऱ्हाईक आणून चांगल्या भावात विकायचीही मोकळीक असते. या कर्जदाराला शेजारचा मशीन शॉपवाला २०२३ पासून ओळखत होता. शेवटी घेतलं त्यानेच.

गहाणखत आणि सातबारा यांतला वीस चौरस मीटरचा फरक बँकेच्या कागदांत २०१७ पासून होता. कलम १४ च्या अर्जाआधी तारणाचा ताजा उतारा आणि मोजणी पडताळली असती तर ऑगस्टच्या त्रुटीपत्राला जागाच उरली नसती. नऊ मुद्द्यांचं प्रतिज्ञापत्र छापील नमुन्यात रकाने भरून करायची सवय अजून बऱ्याच बँकांत आहे.

एप्रिल २०२५ च्या तहकुबीनंतर बँक चार महिने गप्प बसली. भाडेकराराची तारीख बघताच दुसऱ्या दिवशी कलम १३(१३) दाखवून लेखी हरकत द्यायला हवी होती, आणि मार्गदर्शनाचं पत्र पोहोचलं का हे वरच्या बारनिशीत जाऊन बघायला हवं होतं. तसं झालं असतं तर कदाचित रिटची वेळच आली नसती. आली असती तरी याचिकेत बँकेची तत्परताही दिसली असती. सुनावणीत बँकेला विचारलेला एकमेव अवघड प्रश्न याच चार महिन्यांबद्दल होता.

कार्यालयाच्या बाजूने बघायचं तर दोन ओळी पुरल्या असत्या. ‘निवडणूक कामामुळे’, ‘पूर पंचनाम्यांमुळे’ अशी कारणं त्या त्या वेळी नस्तीत लिहिली असती तर कायद्याची अट निदान अंशतः पाळली गेली असती आणि बँकेलाही नेमकं कुठे अडलंय ते कळलं असतं. निवडणूक, पूर, यात्रा यांच्या तारखा बघून ताब्यांचं महिनावार वेळापत्रक करणं आणि ते पोलिसांना आधी कळवणं याला नवा कायदा लागत नाही.

कर्जदाराच्या वकिलांकडेही एक मार्ग होता. चार महिन्यांत अर्ज निकाली निघाला नाही तर कलम १७(६) खाली कोणताही पक्ष मुंबईच्या अपिलीय न्यायाधिकरणाकडे लवकर निकालाचा निर्देश मागू शकतो. हा अर्ज फेब्रुवारी २०२४ नंतर कधीही करता आला असता. केला असता तर दंडव्याजाचा मुद्दा दोन वर्षं आधी सुटला असता, आणि कमी झालेल्या आकड्यावर तडजोड जमण्याची शक्यता तेव्हा खरोखर होती. तो केला गेला नाही. प्रलंबित अर्ज ही ढाल आहे असं समजून तो तसाच ठेवला गेला, आणि त्या काळात चढलेलं व्याज कर्जदाराने भरलं.

उरलेल्या पाच लाखांसाठी बँकेने आता तडजोड मान्य केली आहे: मुद्दल दोन वर्षांच्या हप्त्यांत, पुढचं व्याज नाही. कर्जदार सध्या गोकुळ शिरगावात दुसऱ्याच्या फौंड्रीत मोल्डिंग विभाग सांभाळतो. पहिले दोन हप्ते वेळेवर आले आहेत. त्या रिटनंतर बँकेने आपल्या बाकीच्या प्रलंबित ताबा प्रकरणांच्या नकला काढायला घेतल्या आहेत.